दीड इंच

आमच्या गावच्या टॉकीजमध्ये ऑपरेटरच्या केबिनीत एक चौकोनी पत्र्याचा डबा असायचा. झाकणावर बिस्किटांचं पुसट झालेलं चित्र आणि आत फिल्मचे तुकडे. कधी बोटभर लांबीचे, कधी नुसती एक चौकट, म्हणजे एकच चित्र. माझे वडील, अण्णा, तिथं ऑपरेटर होते. मोठ्या शहरांत धावून, मग तालुक्यातालुक्यांतून फिरून थकलेली प्रिंट आमच्याकडे एसटीच्या टपावरून यायची, तोवर तिचा जीव अर्धा झालेला असायचा. कडेची भोकं फाटलेली, अंगावर उभ्या रेघांचा पाऊस. आठवड्यातून दोनतीनदा तरी पट्टी तुटायची. पडदा पांढराफटक, खालून शिट्ट्या, बाकांवर लाथा. अण्णा एक शब्द न बोलता तुटलेली दोन टोकं बाहेर ओढायचे, फाटकी चौकट कात्रीनं काढायचे, अर्ध्या ब्लेडनं एका टोकावरचा चित्राचा थर खरवडायचे, त्यावर सिमेंटचा, म्हणजे फिल्म चिकटवायच्या द्रावणाचा, एक थेंब, वर दुसरं टोक, आणि अंगठा दाबून मनातल्या मनात दहापर्यंत आकडे. झाला जॉइंट. काढलेली चौकट डब्यात.

जॉइंट चांगला झाला की नाही, हे अण्णा कानानं ओळखायचे. जाड जॉइंट प्रोजेक्टरच्या गेटमधून जाताना ‘टक्’ वाजतो. जॉइंट गेला आणि टक् ऐकू आलं नाही, की अण्णा हलकेच मान हलवायचे. मी सातआठ वर्षांची होते. केबिनीतल्या स्टुलावर बसून मीही ते न वाजणारं टक् ऐकायला शिकले.

फिल्म म्हणजे जिच्यातून काही ना काही हरवतंच अशी वस्तू, एवढंच मला तेव्हा ठाऊक होतं. ३५ मिलिमीटरच्या पट्टीवर एका फुटात १६ चौकटी बसतात आणि सेकंदाला २४ पळतात, हा हिशेब अण्णांनी बोटांवर शिकवला होता. दोन चौकटी म्हणजे दीड इंच. दीड इंच म्हणजे सेकंदाचा बारावा हिस्सा. प्रत्येक तुटीमागे एवढं जायचंच, आणि प्रेक्षकाला गाण्यात एखादी उचकी लागल्यासारखं वाटायचं. कुणी तरी मुद्दाम, विचार करून, पोटापाण्यासाठी दीड इंच कापत असेल ही गोष्ट मला फार उशिरा कळली. कळली तेव्हा मी स्वतःच त्या धंद्यात पडले होते.

आज ज्या बाईबद्दल लिहायचं आहे ती त्या दीड इंचाची मालकीण आहे. चित्रपटांची संपादक ॲन कोट्स. पूर्ण नाव ॲन व्ही. कोट्स, जन्म १२ डिसेंबर १९२५, इंग्लंडमधल्या सरी परगण्यातलं रायगेट. २०१८ च्या मे महिन्यात ती ९२ व्या वर्षी गेली. पन्नासहून अधिक चित्रपट तिनं कापले, आणि ‘कापले’ हा शब्द मी आदरानंच वापरते, कारण आमच्या धंद्यात तोच चालतो.

‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’मधला तो कट बहुतेकांनी कुठे ना कुठे पाहिलेला असतो. कैरोतली कचेरी. पीटर ओटूलचा लॉरेन्स समोरच्याला काडी ओढून देतो, मग जळती काडी स्वतःच्या तोंडासमोर धरून तिच्याकडे बघत राहतो. फुंकर मारतो. आणि पुढच्या क्षणी पडदाभर वाळवंटाची लाल कडा, सूर्य अजून वर यायचा आहे.

तिथं खरं तर डिझॉल्व्ह ठरला होता, म्हणजे एक चित्र विरत जाणार आणि दुसरं त्यातून उमटत येणार. पण त्या काळी डिझॉल्व्ह एडिटिंगच्या टेबलावर दिसत नसे. तो नंतर लॅबमध्ये ऑप्टिकल प्रिंटरवर तयार होऊन यायचा. टेबलावर दोन शॉट नुसते एकमेकांना चिकटवायचे, आणि ‘इथं डिझॉल्व्ह आहे’ म्हणून मेणाच्या पेन्सिलीनं पट्टीवर रेघा ओढून ठेवायच्या. ही कच्ची जोडणी पडद्यावर पाहताना काडीचा शॉट सरळ, धाडकन, वाळवंटावर जाऊन आदळला. दिग्दर्शक डेव्हिड लीन आणि ॲन दोघांनाही ते भावलं. ॲन त्या सुमारास फ्रान्समधल्या नव्या पोरांचे चित्रपट पाहत होती. ती मंडळी डिझॉल्व्हची पत्रास न ठेवता सरळ कट मारायची. लीननंही ते पाहावेत असा तिनं आग्रह धरला होता. तर लीन म्हणाला, जवळजवळ जमलंय, आता घेऊन जा आणि पक्कं कर. ॲन ते रीळ आपल्या खोलीत घेऊन गेली आणि तिनं साधारण दोन चौकटी काढल्या.

झालं ते एवढंच. साडेतीन तासांहून मोठा चित्रपट, ३५ मिलिमीटरच्या हिशेबानं जवळजवळ ६ किलोमीटर पट्टी, आणि त्यातला दीड इंच.

या कटबद्दल लोक बोलतात तेव्हा काडी आणि सूर्य, आग आणि आग, असं काहीतरी बोलतात. मला त्यातलं मोठं वाटतं ते कटच्या नंतरचं. तांबड्या क्षितिजावर चित्र येतं आणि तिथंच थांबून राहतं. काहीही होत नाही. सेकंद जातात. मग सूर्याची कोर. इतक्या वेगानं उडी मारल्यावर इतकं शांत उभं राहायला छाती लागते. कापण्याचं धाडस सगळ्यांना दिसतं, न कापण्याचं कुणी मोजत नाही. गेली बावीसतेवीस वर्षं रोज सकाळी संगणकासमोर बसते ती मी, दुसरं धाडस मला अजून पुरतं जमत नाही.

माझी सुरुवात लग्नाच्या कॅसेटींपासून झाली. दोन व्हीसीआर, मधे एक मिक्सर, आणि फोटो स्टुडिओच्या मागची पत्र्याची खोली. त्याला आम्ही ‘मिक्सिंग’ म्हणायचो. वधूच्या मामांचा चेहरा दोन सेकंद तरी दिसलाच पाहिजे, नाहीतर दुसऱ्या दिवशी मामा स्वतः दुकानात. पण त्याच खोलीत मला कळलं की प्रत्येक लग्नाची चाल वेगळी असते. एका घरात सगळं घाईनं, हसत, ओरडत चाललेलं. दुसऱ्या घरात मुलीचे वडील वर्षभरापूर्वी गेलेले, आणि कन्यादानाला काका उभे. दोन्ही कॅसेटी एकाच ठेक्यावर कापल्या तर दुसऱ्या घराचा अपमान होतो. हे मला कुणी शिकवलं नव्हतं. त्या काकांचे हात स्क्रीनवर पाहताना ते समजलं.

पुढं पुण्यात आले, मालिकांच्या कामाला लागले. एका ठिकाणी वरिष्ठांचा नियमच होता की दर दोन सेकंदांनी शॉट बदलला पाहिजे, आणि धक्का बसला की एकाच चेहऱ्यावर तीनदा झूम. तीन वर्षं तेच केलं. हात तयार झाला आणि डोळा आंधळा होत चालला. त्याच काळात कधीतरी ॲन कोट्सच्या चित्रपटांची यादी माझ्यासमोर आली आणि मी तिच्यापाशी अडकले ते आजतागायत.

ती यादी वाचताना एकाच माणसाची आहे यावर विश्वास बसत नाही. ‘लॉरेन्स’नंतर ‘बेकेट’, राजा आणि धर्मगुरू यांच्यातलं भांडण. मग सुरुवातीच्या विमानांच्या शर्यतीवरचा हसवणारा ‘दोज मॅग्निफिसंट मेन इन देअर फ्लाइंग मशीन्स’. १९७४ साली आगगाडीत अडकलेल्या बारा संशयितांचा ‘मर्डर ऑन द ओरिएंट एक्सप्रेस’. ‘द एलिफंट मॅन’. श्वार्झनेगरचा मारधाडीचा ‘रॉ डील’. ‘चॅप्लिन’. ‘इन द लाइन ऑफ फायर’. ‘एरिन ब्रॉकोविच’. आणि शेवटी, २०१५ साली, ‘फिफ्टी शेड्स ऑफ ग्रे’च्या संपादकांमध्येही तिचं नाव आहे. तेव्हा ती ८९ वर्षांची होती. यादीतले सगळे चित्रपट थोर नाहीत. काही तर मला अजिबात आवडत नाहीत. पण त्यांना जोडणारी ‘ॲन कोट्स शैली’ शोधायला गेलं तर ती सापडत नाही, आणि हेच मला तिच्याकडून हवं होतं. तिनं प्रत्येक चित्रपटाला त्याचा त्याचा श्वास घेऊ दिला.

तिची सुरुवात मला घरची वाटते. लहानपणी तिला घोड्यांचं वेड, शर्यतीचे घोडे तयार करायचे होते. मग सिनेमाचं वेड लागलं. तिचा मामा जे. आर्थर रँक म्हणजे तेव्हाच्या ब्रिटिश चित्रपटधंद्यातला सगळ्यात मोठा माणूस, आणि धार्मिक वृत्तीचा. त्यानं भाचीला थेट झगमगाटात न सोडता चर्चमध्ये दाखवल्या जाणाऱ्या धार्मिक लघुपटांच्या विभागात लावलं. तिथं तिचं काम काय होतं, तर फिरून फिरून फाटलेल्या प्रिंटा दुरुस्त करणं. हे वाचलं त्या दिवशी मी अण्णांना फोन केला. म्हटलं, अण्णा, ऑस्कर मिळालेली बाई तुमचंच काम करायची. ते थोडा वेळ गप्प राहिले आणि मग विचारलं, “तिकडं सिमेंट कुठलं वापरायचे गं?”

तिथून ती पाइनवुड स्टुडिओत पोचली, ‘द रेड शूज’वर सहायक झाली, आणि १९५२ च्या ‘द पिकविक पेपर्स’वर पहिल्यांदा संपादक म्हणून स्वतःचं नाव लागलं. ‘लॉरेन्स’ तिच्याकडे आला तो एका योगायोगानं. लंडनच्या हॅरॉड्स दुकानात तिला ओळखीचा एक सहायक दिग्दर्शक भेटला. लीन एका नव्या नटाची मोठी चाचणी चित्रित करतोय असं त्यानं सांगितलं. नट होता अल्बर्ट फिनी. ती चाचणी कापायला कुणी आहे का, असं तिनं सहज विचारलं आणि काम तिला मिळालं. फिनीनं पुढं लॉरेन्स केलाच नाही. पण तिची जोडणी पाहून लीन सगळ्यांसमोर म्हणाला की मी जसं कापलं असतं तसं दुसऱ्या कुणी कापलेलं पहिल्यांदाच पाहतोय. लीन स्वतः वर्षानुवर्षं संपादक होता. आमच्या धंद्यातला माणूस असं बोलतो तेव्हा त्याची किंमत वेगळी असते.

प्रीमियर १० डिसेंबर १९६२ ला झाला. दोन दिवसांनी ती ३७ पूर्ण झाली. पुढच्या एप्रिलमध्ये ऑस्कर. त्या अख्ख्या चित्रपटात एकाही बाईच्या तोंडी एक वाक्य नाही. उंट, तलवारी, टोळ्या, सेनापती, सगळे पुरुष. आणि त्यांच्यातला कोण किती वेळ दिसणार, कुणाचं वाक्य कुठं तुटणार, हे ठरवणाऱ्या खोलीत एक बाई. तिला स्वतःला ‘स्त्री संपादक’ म्हणवून घेणं फारसं रुचत नसे, मी संपादक आहे एवढंच ती म्हणायची. मला तिचं पटतं. तरीही तो विरोधाभास मी नोंदवून ठेवते, कारण ‘बाईमाणूस आहे, रात्रपाळी जमेल का’ हे वाक्य मी पुण्यात २००४ सालीही ऐकलं आहे.

आता ‘द एलिफंट मॅन’. याबद्दल मला सविस्तर बोलायचं आहे.

सिनेमात येण्यापूर्वी ॲन नर्स होती. ईस्ट ग्रिन्स्टेडच्या इस्पितळात, जिथं आर्चिबाल्ड मॅकइंडो हे शल्यविशारद दुसऱ्या महायुद्धात होरपळलेल्या वैमानिकांचे चेहरे पुन्हा घडवत होते. जळालेल्या पापण्या, नाक, ओठ. नाक घडवायला कपाळाची किंवा खांद्याची कातडी जिवंत नळीसारखी वळवून आणायची, आणि ती रुजेपर्यंत माणसानं आठवडेच्या आठवडे तसंच राहायचं. विशीतल्या पोरांचे असे चेहरे तिनं रोज जवळून पाहिले.

१९८० साली डेव्हिड लिंच ‘द एलिफंट मॅन’ करायला आला. वय ३४, मागं एकच पूर्ण लांबीचा चित्रपट. विषय व्हिक्टोरियन लंडनमधला जोसेफ मेरिक, चित्रपटात जॉन, ज्याचं शरीर आणि चेहरा इतका विद्रूप होता की त्याला जत्रेत पैसे घेऊन दाखवायचे. संपादक ॲन, वय ५४.

चित्रपट कृष्णधवल आहे, आणि कितीतरी वेळ मेरिकचा चेहरा आपल्याला दिसतच नाही. डोक्यावरची पिशवी, सावली, पडद्याआडची आकृती. डॉक्टर ट्रीव्हज त्याला पहिल्यांदा बघतो तेव्हा कॅमेरा मेरिकवर थांबत नाही, अँथनी हॉपकिन्सच्या चेहऱ्याकडे हळूहळू सरकतो. हॉपकिन्स बघतोय. पापणी लवत नाही. मग डोळ्यातून एक थेंब ओघळतो. आपण काय पाहतोय? पाहणाऱ्याला पाहतोय. आणि पुढं जेव्हा चेहरा नीट दिसतो तेव्हा एक तरुण नर्स वाडग्यातलं खाणं घेऊन खोलीत शिरते आणि किंचाळते. तिच्या किंकाळीबरोबर आपण पाहतो. म्हणजे दचकण्याचं काम ती नर्स करून टाकते. आपल्याला उरतो तो अंथरुणात घाबरून आकसलेला माणूस.

ईस्ट ग्रिन्स्टेडचे वॉर्ड आणि ही खोली यांच्यात धागा मी बांधते आहे. पण जिनं असे चेहरे औषधपाणी करताना पाहिलेत, तिला एवढं नक्की ठाऊक असणार की पहिल्या नजरेत काय होतं आणि दहाव्या नजरेत काय होतं. चित्रपटाचा पहिला अर्धा तास म्हणजे प्रेक्षकाला दहाव्या नजरेपर्यंत नेऊन सोडण्याची तयारी आहे. हे कथेत जमवता येतं, पण शेवटी ते टेबलावर जमवावं लागतं. अमुक शॉट अजून चार सेकंद, हा चेहरा आत्ता नको, अजून नको, अजून नको.

गेल्या हिवाळ्यात मी कोल्हापूरकडच्या गुऱ्हाळांवरचा एक माहितीपट जोडत होते. त्यात एक म्हातारे गुळवे आहेत. काहिलीतला रस केव्हा उतरवायचा हे गुळव्या ठरवतो. उकळता पाक पाण्यात सोडून त्याची गोळी बोटांत धरून बघतो, त्या गोळीवर सगळ्यांची मेहनत अवलंबून. दिग्दर्शक मुलानं त्यांना विचारलं होतं की तुमच्यानंतर हे कोण करणार. आजोबा उत्तर देत नाहीत. काहिलीकडे बघत राहतात. अकरा सेकंद. मग म्हणतात, “बघू.” मी ते अकराचे चार केले होते, चांगलं चाललं होतं. रात्री ‘एलिफंट मॅन’मधला हॉपकिन्स आठवला आणि सकाळी अकराच्या अकरा सेकंद परत ठेवले. दिग्दर्शक म्हणाला, ताई, लोक कंटाळतील. ठेवू या, म्हटलं. ठेवलेत.

ॲनची मला सगळ्यात जास्त चकित करणारी वर्षं म्हणजे सत्तरीनंतरची. साधारणतः माणसाला जे येतं ते तोवर पुरतं पक्कं झालेलं असतं, आणि तो तेवढंच करत राहतो. मोव्हिओला नावाच्या जुन्या एडिटिंग यंत्रावर पायानं पट्टी पुढंमागं करत वाढलेल्या या बाईनं संगणक आल्यावर संगणक शिकून घेतला. १९९८ साली ‘आउट ऑफ साइट’ केला. दिग्दर्शक स्टीव्हन सोडरबर्ग. त्याचा जन्म जानेवारी १९६३ चा, म्हणजे ॲनच्या हातात ऑस्कर आला तेव्हा तो तीन महिन्यांचा होता. ॲन ७२ ची. त्यातला हॉटेलचा प्रसंग पाहा. चोर आणि त्याला पकडायला निघालेली पोलीस अधिकारी, क्लूनी आणि लोपेझ, बारमध्ये समोरासमोर बसून बोलताहेत, बाहेर बर्फ पडतोय. बोलणं चालू आहे आणि चित्र मध्येच पुढं निघून जातं. वरच्या मजल्यावरची खोली, हात, बटणं, पुन्हा बार, पुन्हा खोली. मधूनच एखादी चौकट क्षणभर गोठते. बोलणं अजून बारमध्येच आहे. जे व्हायचं आहे ते दोघांनाही माहीत आहे, फक्त शब्द मागं राहिलेत. या कामासाठी तिला पाचव्यांदा ऑस्करचं नामांकन मिळालं.

बहात्तराव्या वर्षी हे सुचत नाही, हे खेळायची भीती वाटत नाही म्हणून होतं.

आणि २००२ चा ‘अनफेथफुल’. एक विवाहित बाई, डायन लेन, परपुरुषाशी पहिल्यांदा जवळीक झाल्यावर लोकलसारख्या गाडीनं घरी चालली आहे. खिडकीशी बसली आहे. तेवढंच. पण तिच्या चेहऱ्यावर हसू येतं, लाज येते, डोळे भरतात, हात तोंडावर जातो, पुन्हा हसू फुटतं, आणि मधे मधे त्या दुपारचे तुकडे घुसतात. सुसंगती मुद्दाम मोडलेली आहे. एका शॉटमध्ये ती रडतेय, पुढच्यात हसतेय, मधलं काही नाही. अपराध आणि आनंद एकाच देहात एकाच वेळी राहू शकतात, हे सांगायला एक शब्दही वापरलेला नाही. नटीनं जे दिलं ते थोरच आहे. पण ते दिलेलं कुठल्या क्रमानं आपल्यापर्यंत यावं हे ठरवणारी बाई ७६ वर्षांची होती, तीन मुलांची आई. त्या गाडीतल्या बाईला ती कुठंही दोषी ठरवत नाही. मी हा प्रसंग किती वेळा पाहिला असेल, मोजलेलं नाही. मालिकेतल्या बाईच्या चेहऱ्यावर तीनदा झूम मारणारी मी, त्या प्रसंगानंतर तसं करू शकले नाही. नोकरी सोडायला आणखी आठ महिने लागले.

२०१६ च्या नोव्हेंबरात तिला मानद ऑस्कर मिळाला. त्याच संध्याकाळी जॅकी चॅनलाही मिळाला. तिची मुलगी एमाही संपादक झाली, दोन्ही मुलगे दिग्दर्शक.

गेल्या दिवाळीत अण्णा पुण्याला माझ्याकडे राहायला आले होते. दोन्ही डोळ्यांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालंय, दिसतं चांगलं. टॉकीज बंद पडून बरीच वर्षं झाली. तिथं आता मंगल कार्यालय आहे. एका दुपारी मी त्यांना माझ्या मोठ्या स्क्रीनसमोर बसवलं आणि ‘लॉरेन्स’मधला तो तुकडा लावला. इंग्रजी त्यांना कळत नाही. काडी विझली, वाळवंट आलं, सूर्य आला. अण्णा पुढं झुकले. म्हणाले, “परत लाव.” परत लावला. मग म्हणाले, “जॉइंट लागला नाही.”

मी त्यांना दोन चौकटींची गोष्ट सांगितली. त्यांनी बोटांनी दीड इंच मोजून दाखवला, बरोबर तेवढाच. आणि मग विचारलं, “ते दोन तुकडे कुठं गेले मग?”

हा प्रश्न मला वीस वर्षांत पडला नव्हता. मी सांगितलं की कटिंग रूममध्ये कापडाचं अस्तर लावलेली मोठी पेटी असायची, वर हुकांची रांग, आणि कापलेली प्रत्येक पट्टी तिथं टांगायची. त्याला ट्रिम म्हणतात. अगदी एक चौकट असली तरी कडेवरचा नंबर बघून सहायकानं ती नीट नोंदवून ठेवायची, कारण उद्या दिग्दर्शक म्हणेल की ती परत लाव. अण्णांना हे फार आवडलं.

मग पुढची गोष्टही सांगितली. इतक्या जपून जोडलेला हा चित्रपट प्रीमियरनंतर थोड्याच दिवसांत २० मिनिटांनी छाटला गेला, आणि १९७० च्या सुमारास पुन्हा दाखवायला काढला तेव्हा आणखी १५ मिनिटांनी. जास्त खेळ बसावेत म्हणून. पुढं रॉबर्ट हॅरिस नावाच्या माणसानं ते तुकडे शोधून काढले. काही प्रसंगांचं चित्र मिळालं पण आवाज हरवलेला. म्हणून पंचवीस वर्षांनंतर पीटर ओटूल, ॲलेक गिनेस, अँथनी क्विन यांना पुन्हा माइकसमोर उभं करून म्हाताऱ्या गळ्यांतून तरुणपणीची वाक्यं म्हणवून घेतली. जॅक हॉकिन्स तोवर वारले होते, त्यांच्या जागी दुसऱ्याचा आवाज लावला. आणि ही सगळी जोडणी पक्की करायला लीन, वय ८०, ॲनला सोबत घेऊन पुन्हा बसला. १९८९ साली तो चित्रपट पुन्हा पडद्यावर आला.

“म्हणजे टाकलं नव्हतं कुणी,” अण्णा म्हणाले. पुष्कळसं टाकलं होतं, पण मी ते दुरुस्त केलं नाही.

संक्रांतीला ते परत आले तेव्हा पिशवीत तो बिस्किटांचा डबा होता. टॉकीज बंद झाली त्या दिवशी मालकांनी विचारलं होतं, काय नेणार, आणि त्यांनी तो मागितला होता. चाळीस वर्षांचे तुकडे. काही चिकटून एक झालेत, बऱ्याच जणांचा रंग उडून नुसता गुलाबी उरलाय, झाकण उघडलं की जुन्या आंबट वासाचा भपकारा येतो. आम्ही दोघं रात्री स्क्रीनवर कोरं पांढरं चित्र लावून एकेक तुकडा त्या उजेडात धरत बसलो. अण्णांना बरेच ओळखू येत होते. हा अमक्या मारामारीतला, हा गाण्याच्या कडव्यातला, इथं नेहमी तुटायचा.

एक तुकडा दोन चौकटींचा निघाला. बाईचा हात, मनगटापर्यंत, हिरव्या बांगड्या, दाराच्या कडीवर. कुठल्या पिक्चरमधला ते अण्णांना आठवेना. त्यांनी चष्मा पुसला, तुकडा उलटा करून पाहिला, सुलटा केला. पहिल्या चौकटीत हात कडीवर टेकलेला आहे. दुसरीत केसभर वर उचललेला.